जावई अपघातात गेल्यावर त्याच्याकडे राहणाऱ्या सासूचं नाव क्लेममध्ये घालता येतं का?

येतं. आणि नक्की घाला. तुम्ही लिहिलंय की मिस्टर बाईकवरून येताना गेले, तुमची आई बरीच वर्षं तुमच्याकडेच आहे, आणि दीर म्हणतात सासूला जावयाच्या भरपाईत हक्क नसतो. दीर चुकीचं सांगतायत. आमच्याकडे हेच माझ्या सख्ख्या भावाने ऐकवलं होतं, म्हणून लिहायला बसले.

2018 ला माझे दाजी गेले. मोटार रिवायंडिंगचं दुकान होतं, एका शेतकऱ्याची पाच एचपीची मोटार बसवून परत येत होते, मागून डंपरने उडवलं. वय 38. मागे ताई, दोन मुलं आणि आमची आई. वडील वारल्यावर दादाने आईला चार महिने ठेवलं, मग "तिला ताईकडे करमतं" म्हणून सोडून आला ती तिथेच राहिली. सहा वर्षं. दाजींनी कधी बोलून दाखवलं नाही. तिच्या शुगर-बीपीच्या गोळ्या दर महिन्याला तेच आणायचे आणि मेडिकलची बिलं दारामागच्या खिळ्याला अडकवलेल्या पिशवीत टाकायचे, का ठेवायचे कोण जाणे, पण तीच पिशवी पुढे कोर्टात कामाला आली.

क्लेम टाकायच्या वेळी दादा म्हणाला आईचं नाव घालू नका, जावयाच्या मरणाचे पैसे घेतले म्हणतील लोक, मला गावात तोंड दाखवता येणार नाही. आईच्या औषधाला एक रुपया न दिलेल्या माणसाने हे बोलावं याचा मला आजही राग येतो. ताई घाबरली होती, मीच भांडून नाव घालायला लावलं.

उलटतपासात इन्शुरन्सच्या वकिलाने आईला विचारलं, तुम्हाला मुलगा आहे ना, मग तो सांभाळत नाही का? आई म्हणाली, "मुलगा दिवाळीला येतो." एवढंच. दादा बाहेर बाकावर बसला होता.

आता पैशाचं. सुप्रीम कोर्टाच्या सरला वर्मा निकालापासून (2009) हिशोब ठरलेला आहे, वकिलाला माहीतच असतो. मयताच्या स्वतःच्या खर्चासाठी उत्पन्नातून कपात होते, अवलंबून असणारे दोन-तीन असतील तर एक तृतीयांश, चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश. आमच्यात आई धरली की चार होत होते. कोर्टाने दाजींचं उत्पन्न महिना 15,000 धरलं (वहीत प्रत्येक मोटारीला किती किलो कॉपर लागलं ते लिहिलेलं, तोच पुरावा), वर्षाचे 1,80,000, चाळिशीच्या आत स्वतःचा धंदा म्हणून भविष्यातल्या वाढीचे 40 टक्के, झाले 2,52,000, वयाप्रमाणे 15 ने गुणायचं. एक तृतीयांश कापले असते तर 25,20,000, एक चतुर्थांश कापल्यावर 28,35,000. म्हणजे आईने मुलांच्या तोंडचा घास काढला नाही, तिच्यामुळे 3,15,000 वाढले. हे मी दादाला कागदावर मांडून दाखवलं, तो काही बोलला नाही.

आमची केस चालू असतानाच ऑक्टोबर 2021 मध्ये सुप्रीम कोर्टाचा एन. जयश्री निकाल आला, केरळची केस. जावयाकडे राहणारी आणि त्याच्यावर अवलंबून असलेली सासू कायदेशीर प्रतिनिधी म्हणून भरपाई मागू शकते असं त्यात स्पष्ट आहे. तुमच्या वकिलाला हा निकाल जोडायला सांगा. दिरांनाही वाचायला द्या.

किती दिवस लागतात विचारलंय, आम्हाला मधल्या लॉकडाऊनसकट तीन वर्षांच्या वर लागली, तुमचं कोर्टावर आहे.

एक राहिलं, आमच्या वेळी अर्जाला मुदत नव्हती, 1 एप्रिल 2022 पासून अपघातानंतर सहा महिन्यांची आहे, त्यामुळे घरातली भांडणं मिटायची वाट बघू नका. दावा तुम्ही राहता तिथल्या मोटार अपघात न्यायाधिकरणातही (असे दावे ऐकणारं कोर्ट) टाकता येतो. आणि अपघातात गेलेल्या माणसाची स्वतःची गाडी चालवण्यात काही चूक निघाली तर तेवढी रक्कम कमी होते, आमच्यात पूर्ण चूक डंपरची धरली होती. मी वकील नाही. आईचं नाव तुमच्या रेशनकार्डावर आहे का ते आजच बघा, नसेल तर औषधाची बिलं, तिच्या आधारवरचा पत्ता, शेजाऱ्यांची साक्ष, जे मिळेल ते जमवायला लागा.