फॉलन लीव्जमधला तो प्रकाश कोणाचा?

प्रश्न: फिनलंडचा डायरेक्टर आकी काउरिस्माकीचा २०२३ चा 'फॉलन लीव्ज' पाहिला, कथा साधीच पण फ्रेम्स डोक्यातून जात नाहीत. कॅमेरामन कोण, आणि एवढं वेगळं का दिसतं?

उत्तर: टिमो साल्मिनेन! फार बरं वाटलं कोणीतरी विचारलं, कारण कौतुक सगळं डायरेक्टरचं होतं आणि हा माणूस १९८३ पासून, म्हणजे काउरिस्माकीच्या पहिल्या फीचर फिल्मपासून, त्याचे जवळपास सगळे सिनेमे शूट करतोय. आता तुमचा प्रश्न. आजकाल बरेच जण लाइट असा पसरवतात की तो कुठून आला ते कळू नये, साल्मिनेन बरोब्बर उलटं करतो, एका बाजूने कडक लाइट थेट चेहऱ्यावर, मागच्या भिंतीवर स्पष्ट सावली, जुन्या स्टुडिओ सिनेमासारखं. त्यात निळ्या-हिरव्या भिंती आणि मध्येच एखादी लालभडक वस्तू, कॅमेरा बहुतेक वेळा जागचा हलत नाही, नट पण फार हलत नाहीत, त्यामुळे साधं किचनमधलं टेबलसुद्धा आपण नीट बघतो. गरीब माणसाची खोली तो कधीच केविलवाणी दाखवत नाही, मला हे सगळ्यात मोठं वाटतं. आणि हो, 'फॉलन लीव्ज'पण डिजिटलवर नाही, ३५ एमएम फिल्मवरच शूट केलाय, रंगांना तो दाटपणा त्यामुळेही येतो.

पुढे काउरिस्माकीचाच १९९९ चा 'युहा' बघा, ब्लॅक अँड व्हाइट आणि चक्क मूकपट. मग साल्मिनेननेच शूट केलेला, अर्जेंटिनाच्या लिसांद्रो आलोन्सोचा २०१४ चा 'हाउहा', तिथे फिनलंड नाही, दक्षिण अमेरिकेच्या टोकाकडच्या पातागोनियाचं उघडं माळरान आहे, जवळजवळ चौकोनी फ्रेम आणि तिचे कोपरे गोल, तरी रंग बघून साल्मिनेनला लगेच ओळखाल.