आईचं बोलणं दुप्पट वेगात

प्रिय 'उतावळी लेक',

तू लिहितेस, आई देवरुखहून रोज रात्री चार-पाच मिनिटांचा व्हॉइस मेसेज पाठवते आणि सकाळी ठाण्याच्या लोकलमध्ये तू तो दुप्पट वेगाने ऐकतेस. गणपतीत घरी गेलीस, ती शेजारच्यांच्या म्हशीची हकिगत सांगायला बसली, तर तुझ्या तोंडून गेलं, "आई, मुद्द्याचं बोल ना!" ती गप्प झाली. तेव्हापासून वाटतंय, आपली मायाच आटली की काय.

माया कुठे जात नाही गं. कानाला खोड लागलीय. व्हॉट्सअ‍ॅपने ही वेग वाढवायची सोय २०२१ मध्ये दिली. रोज तसंच ऐकलं की समोरच्या माणसाचं साधं बोलणंही रेंगाळल्यासारखं वाटतं. हायवे सोडून गावात शिरलं की गाडी सरकतच नाही असं वाटतं ना, तसंच.

पण आईच्या बाजूने बघ. तिच्या तरुणपणी ट्रंक कॉलचे पैसे तीन-तीन मिनिटांच्या हिशेबाने लागायचे. पुढे एसटीडी बूथ आले, तिथे डोळ्यांसमोर मीटरचे लाल आकडे पळायचे. "सगळे बरे ना? पैसे पोचले? ठेवते." म्हशीला त्यात जागाच नव्हती. (मी स्वतः सुट्टे संपले म्हणून रडणं अर्धवट सोडून बूथबाहेर आलेय.) आता कुठे तिला मीटरशिवाय बोलायला मिळतंय, तर मीटर तू झालीस.

मेसेज पळवलास तरी शब्द सगळे पोचतात. पण म्हशीवरून बोलता बोलता ती थांबते, सुस्कारा टाकते, मग म्हणते, "बाकी बरंय." तो सुस्कारा दुप्पट वेगात ऐकूच येत नाही. आणि वाचलेली दोन मिनिटं रील्समध्ये जातात, हे तूच लिहिलंयस.

सगळेच मेसेज सावकाश ऐक असं मी म्हणत नाही. 'सिलिंडर नोंदव' खुशाल पळव. रात्रीचा तेवढा घरी, मेथी निवडताना, तिच्याच चालीने ऐक. पहिले काही दिवस जीव वळवळेल. आणि तिच्यापाशी कबुली देत बसू नकोस. उद्यापासून ती मोजून-मापून बोलेल.

रविवारी फोन कर. म्हशीचं पुढे काय झालं, विचार. ती शेजारच्यांच्या सुनेपासून सुरुवात करेल. करू दे.

तुझी,
मावशी