विमान आणि प्रेम एकत्र असलेला सुरुवातीचा विनोदी मूकपट कोणता पाहावा?

'अ डॅश थ्रू द क्लाउड्स' पाहा; 1912 मधला, दिग्दर्शक मॅक सेनेटने बायोग्राफ या चित्रपट कंपनीसाठी केलेला, एका रिळाचा छोटा मूकपट. नायिका मेबल नॉर्मंड. तिचा होणारा नवरा च्युइंगम विकणारा, गोलमटोल, विमानाला घाबरणारा. ती मात्र विमानावर आणि हळूहळू वैमानिकावरही भाळलेली. मेक्सिकन वस्तीत दुसऱ्याच मुलीशी लाडीगोडी करताना हा पठ्ठ्या अडचणीत येतो, आणि त्याला सोडवायला ती वैमानिकासोबत उडत येते. शेवटी ती कोणाबरोबर जाते, हे ओळखणं अवघड नाही.

हाच सुचवण्याचं कारण म्हणजे यातलं विमान खरं आहे आणि वैमानिकही. वैमानिकाच्या भूमिकेतला फिलिप पार्मली हा राइट बंधूंच्या प्रात्यक्षिक पथकातला उड्डाणपटू. चित्रपट जून 1912 अखेरीस प्रदर्शित झाला, पण त्याच महिन्याच्या 1 तारखेला पार्मली विमान अपघातात गेला होता. त्या काळी वैमानिकाशेजारी बसायचं म्हणजे उघड्यावर, खालच्या पंखाच्या कडेला. मेबल तशी बसलेली दिसते तेव्हा हसू जरा थबकतं.

फक्त धडपड, आपटाआपटीच हवी असेल तर हा थोडा सौम्य वाटेल, आणि मेक्सिकन लोकांचं चित्रण त्या काळच्या पूर्वग्रहांचंच आहे. त्यापेक्षा मग मूकपटांतला विनोदी नट बस्टर कीटनचा 'द बलूनॅटिक' (1923) बघा. त्यात विमानाऐवजी माणसाला घेऊन उडणारा मोठा फुगा आहे, प्रेम मात्र आहेच.