खुलभर दूध आणि तांबडीचं वासरू

प्रश्न : श्रावणी सोमवारी सासूबाई खुलभर दुधाची कहाणी वाचतात. माझी आठ वर्षांची लेक विचारते, एवढ्याशा दुधानं अख्खा गाभारा भरेल कसा? मला उत्तर सुचत नाही. अशा कहाण्या मुलांना सांगाव्यात का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : जरूर सांगा. लेकीचा प्रश्न रास्त आहे. तिला उलट विचारा, गावभरच्या दुधानं गाभारा का भरला नाही?

आटपाट नगराच्या राजाला महादेवाचा गाभारा दुधानं भरायचा होता. दवंडी पिटली, घरोघरचं दूध देवळात आलं, तरी गाभारा भरेना. दुपारी एक म्हातारी आली आणि तिच्या खुलभर दुधानं तो भरला.

मी ही कहाणी आजीकडून ऐकली, मुठीत अक्षता धरून. चमत्कार ती एका वाक्यात उरकायची. रेंगाळायची ती म्हातारीच्या सकाळपाशी. मुलाबाळांना खाऊ घातलं, लेकीसुनांना न्हाऊ घातलं, गाईवासरांना चारा घातला, मग थोडं दूध घेऊन ती निघाली. वासरांपाशी आली की आजी आमच्या तांबडीच्या वासराचं नाव त्यात हमखास गोवायची. धारेला बसली की तांबडीचा एक सड वासरासाठी राखायची. चरवी भरो न भरो, त्याला हात लावायची नाही. मला ती कहाणी आमच्या गोठ्यातलीच वाटे.

राजाची भक्ती खरीच होती. आधी कुणाच्या तोंडात दूध पडायचं, तेवढं चुकलं. तान्ह्यांना, वासरांना उपाशी ठेवून आणलेलं देवाला आवडत नाही, हे राजाला सांगते कोण? ना प्रधान, ना पुजारी. एक बिननावाची म्हातारी, आणि तीही आधी अभय मागून घेते. ते अभय मागणं मला फार मोलाचं वाटतं. राजापुढं खरं बोलायला तिला भीती वाटते, तरी ती बोलते. पिढ्यान् पिढ्या हे बायकांनीच बायकापोरांना सांगितलं आहे.

सगळ्याच कहाण्या मला पटतात असं नाही. वसा मोडला म्हणून घरादाराला दारिद्र्य येतं, तिथं नातवंडं भांडतात आणि मी त्यांना भांडू देते.

येत्या सोमवारी पुस्तक मिटून ठेवा. लेकीच्या मुठीत चार अक्षता द्या, कहाणी तोंडी सांगा आणि ‘मुलाबाळांना खाऊ घातलं’ इथं थांबा. पुढं कुणाकुणाला घातलं, ते तिला सांगू द्या.