पाचटात पांढरी बुरशी दिसली म्हणून औषध ओतू नका

सध्या कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ, हातकणंगले, करवीर, कागल सगळीकडून एकाच धाटणीचे फोटो येताहेत. खोडव्याच्या, म्हणजे तोडलेल्या उसाच्या बुडख्यातनं परत फुटणाऱ्या पिकाच्या, सरीतलं पाचट (उसाचा वाळला पाला) उचललं की खाली पांढरे धागे, कुठं कुठं बारक्या छत्र्या, आणि सोबत प्रश्न, साहेब उसाला बुरशी लागली, दुकानदारानं कार्बेन्डाझिम या बुरशीनाशकाची आळवणी (पाण्यातनं मुळाशी ओतणं) सांगितलीय, एकरी किती टाकू?

एक ग्रॅम पण टाकू नका.

ती बुरशी तुमचा ऊस खायला आलेली नाही, पाचट खायला आलीय. वाळल्या पाल्यात लिग्निन म्हणून जो टणक भाग असतो तो फोडायचं काम मुख्यतः बुरशी करते, एकट्या जिवाणूंना ते नीट झेपत नाही. जंगलात पडलेलं लाकूड, पालापाचोळा माती होतो तो हिच्याच जिवावर. एकरी तीन-चार टन पाचट निघतं, ते कुजलं तर रानातला सेंद्रिय कर्ब वाढतो, आणि तुम्ही पैसे देऊन कुजवणारीलाच मारताय. दुकानदाराचं एक पाकीट खपलं, तुमचं काय झालं ते बघा.

कार्बेन्डाझिमची जागा ठरलेली आहे. खोडवा ठेवताना बुडखे जमिनीलगत छाटले की लगेच त्या कापावर लिटरला एक ग्रॅम फवारायचं, आणि लागणीला बेणं 100 लिटर पाण्यात 100 ग्रॅम घेऊन 10 मिनिटं बुडवायचं. बास. पाचटावर नाही, सरीत नाही, ड्रिपमधनं तर अजिबात नाही. पाचट सरीत ओढून घ्या, टनाला 8 किलो युरिया, 10 किलो सिंगल सुपर फॉस्फेट आणि 1 किलो पाचट कुजवणारं संवर्धन (कल्चर) टाका, पाणी द्या. नत्र कमी पडलं तर कुजताना ते रानातलं ओढून घेतं आणि खोडवा पिवळा पडतो, मग लोक म्हणतात पाचट ठेवल्यानं वाटोळं झालं आणि पुढच्या वर्षी काडी लावतात. काडी लावू नका हो. मी हे प्रत्येक गावात सांगतो आणि सांगत राहणार.

दुसरा प्रश्न आल्याचा आणि हळदीचा, ट्रायकोडर्मा टाकला तरी कूज थांबली नाही, कंपनी बोगस आहे का. कंपनीचं नंतर बघू, आधी सांगा टाकला कधी? बहुतेक ठिकाणी कूज दिसल्यावर. ट्रायकोडर्मा ही पण बुरशीच आहे, ती रोगाच्या बुरशीवर चढते, तिची जागा आणि खाणं बळकावते, पण आधी वस्तीला पाहिजे. लागणीआधी 1 किलोला 100 किलो कुजलेलं शेणखत, सावलीत ओलसर करून आठवडाभर झाकून ठेवा आणि मग वाफशावर, म्हणजे रानात बेताची ओल असताना, टाका. आणि हे नीट ऐका, एकाच टाकीत ट्रायकोडर्मा आणि कार्बेन्डाझिम मिसळून सोडायचा सल्ला सर्रास दिला जातोय, म्हणजे एका हातानं सोडायचं आणि दुसऱ्या हातानं मारायचं, बिल मात्र दोन्हीचं. मध्ये किमान पंधरा दिवस पाहिजेत. पाकिटावरची तारीख बघा, पत्र्याखाली उन्हात पडलेला माल घेऊ नका, आत जीव असतो. शिवाय आल्याची मऊ कूज बऱ्याचदा पिथियम नावाच्या रोगजंतूची असते, तिला कार्बेन्डाझिम लागूच पडत नाही, कितीही ओता. पाण्याचा निचरा करा, आणि औषध लागलंच तर मेटॅलॅक्सिल गटातलं, लेबलवर जेवढं आहे तेवढंच.

हुमणीवाल्यांनी, म्हणजे मुळं खाणाऱ्या अळीचा त्रास असलेल्यांनी, मेटारायझियम विचारलंय. चांगलं आहे, ही बुरशी अळीच्या कातडीतनं आत जाते आणि अळी मरून हिरवट पडते. हेक्टरी 20 किलो शेणखतातनं, पण जून-जुलैत, ओल असताना, अळी बारीक असताना. सप्टेंबरात जाडजूड अळीवर टाकून गुण येत नाही. वळवाचा पाऊस झाला की कडुलिंब-बाभळीवरचे हुमणीचे भुंगे रात्री झाडून रॉकेलच्या पाण्यात टाका, ते गावानं मिळून केलं तरच उपयोग.

सोयाबीनच्या तांबेऱ्याला, म्हणजे पानावर तांबूस ठिपके पाडणाऱ्या रोगाला, मात्र औषध लागतं, ती खरी शत्रू बुरशी. हेक्साकोनॅझोल 10 लिटरला 10 मिली, पानाखाली ठिपके दिसू लागताच. 25-30 मिली कुणी सांगितलं तर ऐकू नका, डबल डोसनं रोग डबल जात नाही, पीक भाजतं आणि बुरशी औषधाला सोकावते. पेरणी जूनमध्येच उरका आणि फुले संगम किंवा फुले अग्रणी हे वाण घ्या, फवारणीच कमी लागेल.

एका कॉलेजच्या पोरानं विचारलंय की बुरशीचा माणसाला एवढा काय उपयोग. अरे, 1928 साली फ्लेमिंगना पेनिसिलिन मिळालं ते बुरशीतनं, पाव फुगतो तो यीस्टनं, आणि आपल्या कारखान्यांच्या डिस्टिलरीत मळीचं इथेनॉल करतं ते पण यीस्टच, म्हणजे तुमच्या उसाच्या बिलात बुरशीचा वाटा आहे. मुळाला चिकटून स्फुरद आणून देणारी मायकोरायझा ही बुरशी वेगळीच, ती सुपर फॉस्फेटचा मारा केला की मागं हटते, म्हणून माती परीक्षणाशिवाय पोती ओतू नका.

पण बुरशी लागलेल्या भुईमुगाच्या शेंगा, मक्याची कणसं म्हशीला घालू नका, त्यातलं अफ्लाटॉक्सिन नावाचं विष दुधात उतरतं. आणि पावसाळ्यातली रानातली अळंबी जाणत्या माणसानं ओळखल्याशिवाय चुलीवर नको, विषारी असली तर शिजवून विष जात नाही.

पाचट कुट्टी मशीनचं अनुदान महाडीबीटी या सरकारी पोर्टलवर यांत्रिकीकरणात आहे, कागदपत्रं घेऊन सहाय्यक कृषी अधिकाऱ्याला (आधीचे कृषी सहाय्यक) भेटा, आणि पूर्वसंमती येण्याआधी मशीन घेऊ नका.