चार, कार की केअर? आणि त्याला 'अक्षर' म्हणावं का?

प्रश्न असा आहे: प्रोग्रॅममध्ये माहितीच्या एका प्रकाराचं नाव म्हणून सी-एच-ए-आर ही चार अक्षरं लिहितात, त्यांचा उच्चार 'चार' करायचा की 'कार'? मराठीत लिहिताना त्याला 'अक्षर' हा प्रतिशब्द चालेल का? आणि मराठी वाक्यात तो शब्द चालवायचा कसा?

थोडक्यात सांगायचं तर उच्चार 'चार' करा, 'अक्षर' मात्र म्हणू नका. पहिल्या भागाला फार पुरावा लागत नाही. दुसऱ्याला लागतो, आणि गंमतही तिथेच आहे.

'चार' हा 'कॅरेक्टर'चा पुढून तोडलेला तुकडा. 'इंटिजर'चा (पूर्णांकाचा प्रकार) 'इंट' केला तेव्हा आवाज जागेवर राहिला. 'कॅरेक्टर' मुळात ग्रीक, त्यामुळे त्यातला सी-एच 'क' वाचला जातो. पण मागचा भाग छाटल्यावर त्या 'क'ला आधार उरत नाही. समोर फक्त सी-एच-ए-आर दिसतं आणि इंग्रजी वाचणारा सरळ 'चार' वाचतो. सी प्लस प्लस भाषेचे कर्ते ब्यार्ने स्ट्रूस्ट्रप यांनी आपल्या प्रश्नोत्तरांत 'चार' हाच नेहमीचा उच्चार असल्याचं म्हटलं आहे. हे तर्काला धरून नाही, पण इंग्रजी स्पेलिंगकडून तर्काची अपेक्षा कोण करतो, असा त्यांचा सूर आहे. अमेरिकेत 'केअर'ही ऐकू येतं, कारण 'कॅरेक्टर'चा पहिला तुकडा तिथे तसा उच्चारतात. 'कार' त्या मानाने कमी. म्हणजे चूक कुणीच नाही. याच स्पेलिंगचे इंग्रजीत आणखी शब्द आहेत: जळून कोळसा होणं, एक मासा, आणि ब्रिटिश बोलीत चक्क चहा.

मराठीत अडचण वेगळीच होते, कारण इथे चार हा आकडा आधीच बसलेला आहे. च दोन्हींत तालव्यच, 'चहा'तला ('चाक'मधला दंत्य नव्हे), तेव्हा कानाला फरक कळत नाही. 'चारचा पाढा', 'चारची गाडी' आणि 'चारचा ॲरे' यांतला तिसरा चार कोणता? ॲरेत (एकाच प्रकारच्या माहितीच्या घरांच्या रांगेत) चार घरं आहेत, की घरांत चार या प्रकारची माहिती आहे? 'पासवर्ड आठ चारचा हवा' हे वाक्य तर बत्तीसवर नेऊन सोडतं. म्हणून बोलण्यात एक सोय आपोआप झाली आहे: प्रकाराचं नाव घ्यायचं तेव्हा 'चार' ('हा व्हेरिएबल चार टाइपचा घे'), आणि वस्तू मोजायची तेव्हा पूर्ण 'कॅरेक्टर' ('पासवर्ड आठ कॅरेक्टरचा हवा'). ही विभागणी कुणी ठरवून दिलेली नाही, पण चांगली आहे. लिहितानाही तीच पाळावी. सामान्यरूप करू नये; 'फोनचा', 'फोनमध्ये' तसं 'चारचा', 'चारमध्ये'. 'चाराचा' लिहिलं की वाचकाला गुरं आठवतील.

आता 'अक्षर'.

मराठी माणसाला अक्षर म्हणजे काय ते शब्दकोड्याने शिकवलेलं असतं: एका चौकोनात एक अक्षर. 'लक्ष्मी' दोन चौकोनांत बसते, 'ल' आणि 'क्ष्मी'. अभंगाची मोजणीही अशीच. मोठ्या अभंगाच्या पहिल्या तीन चरणांत सहा-सहा आणि चौथ्यात चार अक्षरं मोजताना जोडाक्षर एकच धरतात. व्याकरणातला 'वर्ण' त्याहून बारीक. 'क्ष्मी'त क्, ष्, म्, ई असे चार वर्ण आहेत. संगणक या दोन्हींपैकी काहीच मोजत नाही. जगातल्या लिप्यांतल्या प्रत्येक खुणेला क्रमांक देणाऱ्या युनिकोड या पद्धतीत 'लक्ष्मी' अशी साठवली जाते: ल, क, हलन्ताची खूण, ष, पुन्हा हलन्त, म, आणि शेवटी दीर्घ ईची वेलांटी. एकूण सात संकेत, म्हणजे सात क्रमांक. हे क्रमांक साठवण्याच्या यूटीएफ-८ या पद्धतीत देवनागरीच्या प्रत्येक संकेताला तीन बाइट (बाइट म्हणजे साठवणुकीचं एकक, ० ते २५५ पैकी एक आकडा) लागतात, म्हणजे एकवीस बाइट. 'क्ष्मी'च्या चार वर्णांत ल्, अ मिळवले तरी वर्ण सहाच भरतात. तेव्हा एका शब्दाची चार मापं झाली: अक्षरं २, वर्ण ६, संकेत ७, बाइट २१. 'चार' यांतलं कोणतं माप, हे भाषेगणिक बदलतं. पण बहुतेक भाषांत ते 'अक्षर' नसतं.

सी भाषेत चार म्हणजे बाइट, बस्स. तिची पूर्वज असलेल्या बी भाषेत प्रकारच नव्हते, सगळा कारभार यंत्राच्या अख्ख्या 'वर्ड'वर (यंत्र एका वेळी हाताळतं त्या बिटांच्या गठ्ठ्यावर) चाले आणि त्यातून एकेक कॅरेक्टर उकरून काढायला वेगळं फंक्शन लागे. पीडीपी-११ या यंत्रावर प्रत्येक बाइटला स्वतःचा पत्ता मिळाला आणि १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला सीचे कर्ते डेनिस रिची यांनी तिच्यात हा प्रकार आणला. इंग्रजीचं एक अक्षर एका बाइटात मावत असल्याने नाव 'कॅरेक्टर'वरून पडलं आणि चिकटलं. आजही सीमध्ये चारचा आकार व्याख्येनेच १ असतो. त्यात 'क' मावत नाही. 'क' म्हणजे २२४, १६४, १४९ हे तीन बाइट.

याच ठिकाणी मराठी मजकूर हाताळणारा प्रोग्रॅम हमखास ठेच खातो. सीमध्ये साधा चार ऋण आकडे धरतो की नाही, हे कंपायलर (प्रोग्रॅमचं यंत्रभाषेत रूपांतर करणारा) आणि यंत्रावर सोडलेलं आहे. इंटेलच्या घराण्यातल्या संगणकांवर तो सहसा धरतो, आर्म या दुसऱ्या घराण्यातल्या प्रोसेसरवरच्या लिनक्सवर सहसा नाही. पहिल्या ठिकाणी 'क'चे बाइट −३२, −९२, −१०७ असे दिसतात. 'हे मुळाक्षर आहे का' तपासणाऱ्या 'इजअल्फा' फंक्शनला असा ऋण आकडा दिला तर पुढे काय होईल याची भाषा हमी देत नाही. आधी अनसाइन्ड (ऋण आकडे न धरणाऱ्या) चारमध्ये बदलून मगच द्यावा. एकेक कॅरेक्टर वाचणाऱ्या 'गेटचार' फंक्शनचा दुसरा सापळा: नाव गेटचार, पण उत्तर इंटमध्ये येतं. कारण ० ते २५५ या सगळ्या बाइटांखेरीज 'फाइल संपली' ही ऋण खूणही तिला परत करायची असते. उत्तर चारमध्ये ठेवलंत तर आर्मवर ती खूण (बहुतेक ठिकाणी −१) २५५ होऊन बसते आणि लूप संपतच नाही. इंटेलवर खरा २५५ हा बाइट आला की फाइल अर्ध्यात संपल्यासारखी वाटते. नावावर विश्वास ठेवला की असं होतं.

जावामध्ये चार सोळा बिटांचा, ० ते ६५५३५. जावा १९९५मध्ये आली तेव्हा जगातल्या सगळ्या लिप्या सोळा बिटांत मावतील असाच हिशोब होता. तो पुढे चुकला. देवनागरी त्या मर्यादेत असल्याने जावात 'क'ला एक चार पुरतो आणि 'लक्ष्मी'ची लांबी ७ येते. मोडी मात्र युनिकोडमध्ये २०१४ साली, ७.० या आवृत्तीत आली आणि तिला जागा मिळाली त्या मर्यादेपलीकडे. त्यामुळे मोडीचं प्रत्येक अक्षरचिन्ह जावात दोन चार खातं आणि यूटीएफ-८मध्ये चार बाइट. इमोजीही तसेच. मोडी मजकुराची लांबी दुप्पट येत असेल तर दोष मोडीचा नाही. 'लेंग्थ'ऐवजी संकेत मोजणारं 'कोडपॉइंटकाउंट' वापरा.

रस्टमध्ये चार हा चार बाइटांचा. हे वाक्य मराठीतच शोभतं. तिथे एक चार म्हणजे एक पूर्ण संकेत, मोडीचाही. गो भाषेने हे नावच टाळून 'बाइट' आणि 'रून' असे दोन वेगळे शब्द घेतले, आणि ते शहाणपणाचं वाटतं. पायथनमध्ये वेगळा चार नाहीच. एक लांबीची स्ट्रिंगच (मजकुराची माळ) वापरायची. स्विफ्टमध्ये 'कॅरेक्टर' नाव पूर्ण आहे आणि कल्पनाही आपल्या अक्षराच्या सर्वांत जवळची: वाचकाला एकसंध दिसणारा पुंजका. पण तो पुंजका कुठे तोडायचा हे युनिकोडचे नियम ठरवतात, आणि २०२३च्या १५.१ आवृत्तीपर्यंत ते हलन्तानंतर तोडत. म्हणजे ल, क्, ष्, मी असे चार तुकडे. त्या आवृत्तीत जोडाक्षर एकत्र ठेवण्याचा नियम आला आणि ते दोन झाले. मात्र तुमच्या यंत्रावरची लायब्ररी जुनी असेल तर अजूनही चारच येतील. नियम कागदावर बदलला म्हणून फोनमध्ये बदलत नाही.

डेटाबेसमधला 'चार' हा याचा चुलतभाऊ. 'चार १०' म्हणजे दहाची ठरलेली जागा, उरलेली रिकाम्या जागांनी भरलेली. 'व्हारचार १०' म्हणजे जास्तीत जास्त दहा, लागेल तेवढीच. पण दहा काय? पोस्टग्रेस आणि मायएसक्यूएल हे डेटाबेस संकेत मोजतात. ओरॅकलमध्ये 'व्हारचार-टू १०' लिहिलं तर मुळात बाइट मोजले जातात. 'मुंबई' घ्या: अक्षरं तीन (मुं, ब, ई), संकेत पाच, बाइट पंधरा. तीन अक्षरांचं शहर दहाच्या रकान्यात मावत नाही आणि किंमत फार मोठी असल्याची चूक येते. उपाय सोपा आहे: कंसातल्या आकड्यानंतर त्याच कंसात 'चार' हा शब्द लिहायचा, म्हणजे मोजणी संकेतांची होते. मायएसक्यूएलमधला फास वेगळा. तिथलं जुनं 'यूटीएफ-८' संकेताला तीनच बाइट देतं. देवनागरी त्यात सुखाने राहते, म्हणून वर्षानुवर्षं कुणाला काही कळत नाही, आणि पहिला इमोजी किंवा पहिलं मोडी अक्षर आलं की अडतं. 'यूटीएफ-८ एमबी-४' निवडा.

दिसायला एकच आणि मोजायला वेगळं, असंही होतं. 'कऱ्हाड' तीन तऱ्हांनी टंकता येतं: तयार ऱ घेऊन हलन्त (सहा संकेत), साधा र, खाली नुक्ता, मग हलन्त (सात), किंवा र, हलन्त आणि जोडणारी अदृश्य खूण (हेही सात). पडद्यावर तिन्ही सारखे, शोधात तीन वेगळी गावं. साठवण्याआधी मजकूर युनिकोडच्या एनएफसी रूपात (समान मानलेल्या रूपांसाठी ठरवलेल्या एकाच रूपात) आणला तर पहिली दोन एक होतात. तिसरं होत नाही. त्यासाठी 'र, हलन्त, अदृश्य खूण' या क्रमाच्या जागी 'ऱ, हलन्त' घालणारा नियम स्वतः लिहावा लागतो. 'ॲप'चंही तेच. स्वतंत्र ॲ युनिकोडमध्ये २००८मध्ये आला. त्याआधीच्या सवयीने लोक अ आणि वर चंद्र असं टंकतात. ही दोन रूपं युनिकोड समान मानतच नाही, तेव्हा एनएफसी इथेही उपयोगाचं नाही.

मग मराठीत म्हणायचं काय? प्रकाराचं नाव भाषांतरित करू नये. तो प्रोग्रॅममधला राखीव शब्द आहे, जसाच्या तसा ठेवावा. स्पष्टीकरणात मात्र तीन गोष्टींना तीन शब्द ठेवावेत: साठवणुकीसाठी 'बाइट', युनिकोडमधल्या एका क्रमांकासाठी 'संकेत' (किंवा 'संकेतबिंदू'), आणि वाचकाला दिसतं त्यासाठी 'अक्षर'. 'वर्ण' व्याकरणवाल्यांकडेच राहू द्यावा. तो ध्वनी आहे, आणि संगणकात ध्वनी साठवलेला नसतो. 'चिन्ह' हा तडजोडीचा शब्द वाईट नाही, कारण ग्रीक मुळातही कोरलेली खूण हाच अर्थ आहे. पण स्वल्पविराम आणि रुपयाचं चिन्ह यांच्याशी त्याची गल्लत होते.

हा काथ्याकूट कशाला, तर अर्जाच्या पानावर 'नाव कमाल २० अक्षरे' असं छापलेलं असतं आणि आत मोजणी संकेतांची चालू असते म्हणून. 'ज्ञानेश्वर' या नावात अक्षरं चार (ज्ञा, ने, श्व, र), पण संकेत दहा: ज, हलन्त, ञ, काना, न, मात्रा, श, हलन्त, व, र. माणूस बोटांवर मोजून वीस अक्षरांत नाव बसवतो, यंत्र मध्येच तोडतं, आणि पत्रावर शेवटचं अक्षर पाय मोडून येतं. मर्यादा संकेतांची असेल तर तशी लिहावी, किंवा आतला आकडा दिसणाऱ्या आकड्याच्या चौपट ठेवावा. 'स्त्री'सारखं सहा संकेतांचं एखादं अक्षर आलं तरी बाकीची साधी अक्षरं ते सांभाळून घेतात. एसएमएसचंही असंच: इंग्रजी संदेशात १६० कॅरेक्टर, पण मजकुरात एक जरी देवनागरी खूण आली तर सगळा संदेश सोळा बिटांच्या पद्धतीत जातो आणि मर्यादा ७०वर येते. संदेश लांबून त्याचे भाग पडले तर प्रत्येक भागात ६७. त्या सत्तरांत काना, मात्रा, अनुस्वार, हलन्त सगळे वेगवेगळे मोजले जातात.