नाणं शंभर वेळा उडवून बघ
आकडेवारी शिकायला घेतली आहेस, तर आधी हे कर. १०० नाणेफेकींचे छापा-काटा मनानेच लिहून काढ, मग खरंच नाणं उडवून शेजारी लिही. मनाने लिहिताना सलग चौथा छापा लिहायला हात कचरतो. खऱ्या नाण्यात सलग पाच-सहा सहज येतात, आणि मेंदू लगेच कारण शोधू लागतो. हे त्याच्या हाडामासातच आहे. गवत हललं की वाघ समजून पळणारे पूर्वज वाचले.

१९७६ साली वायकिंग १ या अंतराळयानाच्या फोटोत मंगळावर चेहरा दिसला. २००१च्या स्पष्ट फोटोत नुसती टेकडी निघाली. जुन्या फोटोत मला अजूनही चेहराच दिसतो! म्हणून आकृती दिसली की थांब, नवी माहिती गोळा कर आणि तिच्यातही ती उमटते का बघ.